न झालेल्या लग्नाचे तीन साक्षीदार

वैशाली गायके हिच्यावर अन्याय झाला तो एका गुरुवारी, दुपारी, जेवणाच्या सुट्टीच्या जरा आधी, क्षेत्रीय कार्यालयातल्या विवाह नोंदणीच्या खिडकीसमोर. तिनं स्वतःच्या हातानं सही केली. हसत केली. शेजारी तिचे वडील होते, होणारा नवरा होता, त्याचे चुलते होते आणि त्यांच्या सोसायटीतले एक भले गृहस्थ होते. सगळ्यांनी सह्या केल्या, मग खाली येऊन सगळ्यांनी उसाचा रस घेतला. त्या दिवसापासून सरकारदरबारी वैशाली विवाहित झाली. लग्न मात्र झालेलं नव्हतं. कधीच झालं नाही.

या दिवाळी अंकासाठी ‘तुमच्या कामाच्या आठवणी लिहा’ असा निरोप आला तेव्हा मला हसू आलं. आठवणी निवृत्त माणसं लिहितात. मला तिशी ओलांडून फार दिवस झालेले नाहीत. शिवाय माझा हात बसलाय तो पत्रकांवर. एका कागदाची एक बाजू, ठळक अक्षरं, आणि कंपनीच्या गेटवर शिफ्ट सुटताना वाटायचं. वाचणाऱ्याला घरची बस पकडायची असते, त्यामुळे पहिल्या ओळीत कुणावर काय झालं ते सांगून टाकायचं. पाल्हाळ लावायला मला कुणी शिकवलंच नाही. पण आमचं मदत केंद्र आता बंद झालंय, आणि बंद झालेल्या जागेबद्दल बोलताना माझ्यासारखीलाही जरा पाल्हाळ लागतोच. चालवून घ्या.

भोसरीत एमआयडीसीच्या कडेला एक टू-व्हीलर गॅरेज होतं, त्याच्या वरची खोली म्हणजे आमचं केंद्र. गॅरेज सलीमभाईंचं. केंद्र त्यांच्या बायकोचं, शकीलाआपांचं. कागदोपत्री संस्था होती, कार्यकारिणी होती, पण केंद्र आपांचंच होतं. खालून ऑइलचा वास यायचा, ट्रायल घेताना कुणी गाडीचा कान पिळला की वर आमचं बोलणं थांबायचं. घटस्फोटाची, मारहाणीची, पळून आलेल्यांची कितीतरी गाऱ्हाणी आम्ही सायलेन्सरच्या आवाजात ऐकली. रडणाऱ्या बाईला तो आवाज बरा पडायचा. तेवढ्यात डोळे पुसता यायचे.

मी तिथे आले ती कॉलेज सुटल्या सुटल्या, डोक्यात वारं भरून. पहिल्याच आठवड्यात मी एका पत्रकात ‘पितृसत्ताक व्यवस्थेच्या जोखडाखाली’ असं लिहिलं. आपांनी ते मोठ्यानं वाचलं, चष्मा काढला आणि म्हणाल्या, “पोरी, हे जोखड कुठल्या बसला लागतं?” मी चिडले. आजही आठवलं की चिडते, आणि मग हसते.

आमच्याकडे येणाऱ्या निम्म्या भानगडी विवाह नोंदणीच्या असायच्या, म्हणून आधी हा धंदा काय असतो ते सरळ सांगते. नोंदणी म्हणजे लग्न नव्हे. लग्न आधी लागतं. हिंदूंचं सप्तपदीनं किंवा त्यांच्या रीतीनं, मुसलमानांचं निकाह पढून. मग ‘असं असं लग्न झालं’ हे सांगायला तुम्ही खिडकीवर जाता. सोबत पत्रिका, फोटो, लग्न लावणाऱ्याची सही आणि तीन साक्षीदार. खिडकीवरचा माणूस तुमच्या मांडवात आलेला नसतो. तो तुमच्या शब्दावर नोंद करतो. जन्माचा दाखला काढल्यानं बाळ जन्माला येत नाही, तसंच हे. फक्त कोर्टात जाऊन लग्न करणाऱ्यांचं निराळं. त्यांचं लग्न अधिकाऱ्यासमोरच होतं, पण त्याआधी महिनाभर त्यांची नोटीस फलकावर लागते, आणि त्या फलकाचे फोटो काढून पोरीच्या गावाकडे धाडणारे नग आम्ही पुष्कळ पाहिले.

नग तर किती प्रकारचे! एक जण एका मुलीच्या आधार कार्डाची झेरॉक्स घेऊन आला. लग्न नोंदवायचं होतं.

“मुलगी कुठाय?” आपांनी विचारलं.

“तिला अजून माहीत नाही. नोंदणी झाली की सांगणार.”

“सरप्राइज?”

“हां, तसंच समजा.”

आपांनी ती झेरॉक्स त्याच्या हातातून घेतली, चार तुकडे केले आणि जिन्यावरून हाक मारली, “अहो, एक गिऱ्हाईक खाली पाठवतेय. जरा सर्व्हिसिंग करा.” सलीमभाई म्हणजे मुंगीही न मारणारा माणूस. त्यांनी त्याला चहा पाजून समजावलं. मी त्यांच्या जागी असते तर पाना घेतला असता.

याच्या उलट नसरीन. तिचा निकाह झाला, शंभर माणसं जेवली, पण निकाहनामा नवऱ्याकडे आणि पालिकेत नोंद नाही. नवरा म्हणायला लागला, ही माझी कोणीच नाही. तिच्यासाठी आपा काझीसाहेबांच्या दारात जाऊन बसल्या आणि दुसरी प्रत घेऊनच उठल्या. तेव्हापासून मी गेटागेटांवर पत्रकं वाटत सुटले, ‘बायांनो, लग्न नोंदवा.’ जोरात वाटली. नोंदणी म्हणजे बाईची ढाल, असंच मला वाटायचं.

मग वैशाली आली.

चाकणच्या एका गाड्यांच्या पार्टच्या कंपनीत ती क्वालिटीला होती. वडील भोसरीत लेथवर. मूळचे परभणीकडचे, सगळे त्यांना बापू म्हणायचे. रहाटणीच्या मयूरशी तिचा साखरपुडा झाला. लग्नाला हॉल मिळत होता दिवाळीनंतरचा, आणि फ्लॅटचं बुकिंग आत्ताच करायचं होतं. कर्ज दोघांच्या नावावर काढायचं तर नवरा-बायको असलेलं सोपं पडतं, असं कुणीतरी सांगितलं. आमच्या या पट्ट्यात ही रीतच पडून गेलीय. कुणाला कर्ज हवं, कुणाला कंपनीच्या मेडिक्लेममध्ये बायकोचं नाव हवं, कुणाला बाहेरदेशी जायचंय. कागद आधी, अक्षता नंतर. कुणालाच त्यात काही वावगं वाटत नाही. लग्न ठरलंय ना? मग चार महिने इकडे-तिकडे!

साखरपुड्यात हार घालतानाचा फोटो लग्नाचा म्हणून लावला. मागच्या तारखेची पत्रिका छापून आणली. साखरपुडा सांगणारे गुरुजी आठवडाभर कंपनीत सीएनसी मशीन चालवायचे आणि रविवारी पूजा सांगायचे. त्यांनी ‘विवाह मी लावला’ म्हणून सही दिली. साक्षीदार तीन: बापू, मयूरचे चुलते, आणि सोसायटीतले मोहितेकाका.

हॉलची तारीख यायच्या आधीच मयूरनं रंग दाखवला. सेकंड शिफ्ट करायची नाही. फोनचा पासवर्ड द्यायचा. एकदा ती कंपनीच्या बसमधून उतरली तेव्हा पुढच्या सीटवरच्या सहकाऱ्याशी हसून बोलली, म्हणून स्टॉपवर, सगळ्यांसमोर, त्यानं तिच्या कानाखाली मारली. वैशालीनं तिथल्या तिथे अंगठी काढून त्याच्या हातात दिली आणि घरी येऊन सांगितलं, हे लग्न मोडलं.

मयूरचं उत्तर एका वाक्याचं होतं. “मोडायला तू कोण? बायको आहेस माझी.”

त्यानं दाखल्याचा फोटो व्हॉट्सॲपवर स्टेटस म्हणून ठेवला. तिच्या कंपनीच्या एचआरला मेल केला, की माझ्या पत्नीला सेकंड शिफ्ट देऊ नये, आणि एचआरनं खरोखर तिची शिफ्ट बदलली! तिला विचारलंही नाही. ती चौकीत गेली, तिथे दाखला बघून सल्ला मिळाला, ‘ताई, नवरा-बायकोचं आहे, घरात मिटवा.’ मग कोर्टाची नोटीस आली: पत्नीनं नांदायला यावं.

आमच्या खोलीत बसून वैशालीनं हे सगळं सांगितलं तेव्हा ती रडली नाही. मीच टेबलावर हात आपटत होते.

“घटस्फोट मिळून जाईल,” मी म्हटलं.

“मला घटस्फोट नकोय, ताई.”

“अगं, सुटशील ना.”

“लग्नच झालं नाही तर घटस्फोट कशाचा घेऊ? जन्मभर घटस्फोटित लिहू का? मी त्याच्या घरात एक दिवस राहिले नाही. मला कोर्टाकडून एवढंच पाहिजे, की वैशाली गायकेचं लग्न झालेलं नाही.”

आपा माझ्याकडे बघत म्हणाल्या, “ऐकलं? आता लिही पत्रक.”

सगळे शहाणे तिला घटस्फोटच घे असं सांगत होते, आणि त्याला कारण होतं. लग्न झालं नाही असं कोर्टाला सांगायचं तर नोंदणी खोटी होती हे कबूल करायला हवं. म्हणजे तिची सही खोटी, गुरुजींची खोटी, आणि बापूंची खोटी. सरकारला खोटं लिहून देणं हा गुन्हा. स्वतःच्या सुटकेसाठी पोरीनं बापाला पुढे करायचं, असा तो पेच.

गुरुजी तर गावाला निघून गेले, फोन बंद. आम्ही बापूंच्या खोलीवर गेलो. ते भिंतीला टेकून बसले होते, वर बघायला तयार नव्हते.

“मी खोटी सही केलो म्हणून कोर्टात सांगू? मला आत टाकतील आपा. कंपनी काढून टाकल. अन् गावाकडं काय तोंड दाखवू? त्यापरीस घे म्हणा काडीमोड. लोकं चार दिवस बोलतील.”

तोवर वैशालीची आई कोपऱ्यात भाकरी थापत होती. ती हात न धुताच पुढे आली.

“लगीन झालं म्हणायलाव का तुम्ही? म्या घाणा भरला का? देवक बसवलं का? पोरीच्या अंगाला हळद लागली का? मला ठावं न्हाई ते, सांगा तर. माझ्या लेकीचं लगीन झालं अन् मीच तिथं नव्हते का?”

तव्यावरची भाकरी करपायला लागली. आम्ही जिना उतरलो. आपा म्हणाल्या, “येतील.” मी म्हटलं, “कशावरून?” त्या म्हणाल्या, “भाकरी करपली तरी त्यांनी बाईला ओरडलं नाही.”

आले. दुसऱ्या दिवशी सकाळी, इस्त्रीचा शर्ट घालून, केंद्र उघडायच्या आधी गॅरेजसमोर उभे होते.

आता राहिले मोहितेकाका. खरं तर तेच सगळ्यात मोलाचे साक्षीदार. बापू मुलीचे, चुलते मुलाचे. मोहितेकाका कुणाचेच नाहीत. कंपनीतून सुपरवायझर म्हणून निवृत्त झालेले, सोसायटीचे सेक्रेटरी, सभ्य माणूस. रहाटणीला त्यांच्या घरी आम्ही गेलो. काचेच्या कपाटात वर्षावर्षाचे दिवाळी अंक लावून ठेवलेले. चहा झाला, चकली झाली. आपांनी थेट विचारलं, “काका, लग्नाला होतात का?”

“लग्न व्हायचंच होतं हो.”

“झालं का?”

“ते मी कसं सांगणार? मी आपली सही केली. मयूरच्या काकांनी म्हटलं, चला जरा, एक सही पाहिजे. शेजारधर्म असतो.”

मी म्हटलं, “हेच कोर्टात सांगा. मी लग्न पाहिलं नाही, एवढं एकच वाक्य.”

काका हसले. “तुम्ही लहान आहात अजून. मला त्या लोकांच्या शेजारी राहायचंय. रोज लिफ्टमध्ये तोंड बघायचंय. आणि एवढं काय बिघडलंय? घेईल ना ती घटस्फोट.”

वैशालीच्या वतीनं आम्ही दावा लावला आणि काकांना कोर्टाचं समन्स गेलं. ते आले नाहीत. मानेच्या दुखण्याचं डॉक्टरांचं पत्र आलं. पुन्हा समन्स, पुन्हा मान. तारखांमागून तारखा गेल्या. त्या तारखांना आम्ही भोसरीहून बसनं जायचो, वैशाली रजा टाकून, बापू खाडा करून, मी पत्रकांची पिशवी घेऊन. आपांच्या डब्यात सगळ्यांना पुरेल एवढा खिमा आणि वैशालीच्या आईसाठी वेगळी, भरपूर कोथिंबीर घातलेली बटाट्याची भाजी. कोर्टाच्या आवारातल्या झाडाच्या पारावर बसून जेवायचो. खोटं कशाला बोलू, ते दिवस मला आवडायचे. वैशालीला आवडत नसणार. तिचं आयुष्य अडकून पडलं होतं, आलेली दोन स्थळं दाखला बघून परत गेली होती, आणि मी आपांच्या डब्याची वाट बघायचे. आजही भाजीत जास्त कोथिंबीर पडली की मला तो पार आठवतो, आणि बापू आपला डबा आपांपुढे सरकवताना म्हणायचे ते, “आपा, आमचा ठेचा घ्या. तुमच्यात एवढं तिखट खायची ताकद न्हाई, बघा.” आपा खायच्या, डोळ्यांतून पाणी यायचं, आणि म्हणायच्या, “फिका आहे.”

मयूरच्या चुलत्यांची साक्ष व्हायची होती, त्या दिवशीही आम्ही तिथेच बसलो होतो. ते सांगणार होते, की लग्न घरच्या घरी, मोजक्या माणसांत, रीतीप्रमाणे लागलं. आमच्या वकीलबाई उलटतपासणीचे प्रश्न काढत होत्या: अग्नी पेटवला का, किती फेरे, मंत्र कुठले. आपा म्हणाल्या, “बाई, हे त्यांना पाठ करून आणलं असेल. त्यांना विचारा, मामा कोण उभा होता.”

“मामा?” वकीलबाईंनी विचारलं.

“आमच्या चाळीत हिंदूंचीच लग्नं जास्त. मंगलाष्टकं चालू झाली की नवरीच्या पाठीमागे मामा लागतो ना? नसला तर कुणाला उभं करायचं, यावर भांडणं बघितलीत मी. घरात लग्न झालं असेल तर तो माणूस विसरणार नाही.”

चुलते पिंजऱ्यात उभे राहिले. अग्नी, फेरे, मंत्र, सगळं घडाघडा सांगितलं. मग वकीलबाईंनी विचारलं, “नवरीच्या पाठीशी मामा कोण होते?”

“तिचे मामा होते ना. सख्खे.”

“तुम्ही पाहिलेत?”

“पाहिले म्हणजे? फेटा बांधून उभे होते. मीच मान दिला त्यांना, टॉवेल-टोपी.”

मागच्या बाकावरून वैशालीची आई ताडकन उठली. “माझा भाऊ कुठून आणलाव वो? आम्ही पाच बहिणीच! मला राखीला तरी कळवायचं होतं!”

शिपायानं तिला खाली बसवलं. न्यायाधीशांनी मान खाली घातली आणि बराच वेळ काहीतरी लिहिलं. मी आपांचा हात इतका घट्ट धरला होता, की त्यांची बांगडी माझ्या तळव्यात रुतली.

पण नुसतं चुलत्याचं खोटं उघडं पडून भागणार नव्हतं. नोंद खोटी होती हे सही करणाऱ्यानं सांगायला हवं होतं. पुढच्या तारखेला बापू उभे राहिले. समोरच्या वकिलांनी त्यांना सोलून काढलं.

“म्हणजे तुम्ही सरकारी अधिकाऱ्याला खोटं लिहून दिलंत?”

“दिलो, साहेब.”

“जो माणूस तेव्हा खोटं बोलला, तो आज खरं बोलतोय कशावरून?”

बापू म्हणाले, “तवा खोटं बोलण्यात माझा फायदा होता. आज खरं बोलण्यात माझं नुकसान हाय. आता तुम्हीच बघा.”

बापू पिंजऱ्यातून उतरले. वैशाली उठून गेली आणि तिनं त्यांचा दंड धरला. त्या दिवशी डबा तसाच परत आला.

निकाल लागला तोवर आमचं केंद्र उरलं नव्हतं. सलीमभाईंच्या गुडघ्यांनी दगा दिला, गॅरेजच्या जागी आता मोबाइलच्या कव्हरांचं दुकान आहे, आणि आपा लेकीकडे सोलापूरला गेल्या. वैशालीचं लग्न झालेलं नाही आणि ती नोंद रद्द करावी, असा निकाल होता. बापूंना कोर्टानं चार कडक शब्द सुनावले, त्यावर निभावलं. मी आपांना फोन केला. त्यांनी सगळा निकाल ऐकून घेतला. मग म्हणाल्या, “पोरीनं जेवण केलं का?” आमच्याकडे कुणीही जिंकलं की आपा हेच विचारायच्या. त्या खोलीत आता कुणी हे विचारत नाही, याचं मला वाईट वाटतं. वकिली सल्ला फोनवर मिळतो. हे नाही मिळत.

वैशालीनं निकालाची प्रत एचआरच्या टेबलावर ठेवली आणि सेकंड शिफ्ट मागून घेतली. आज ती लाइन लीडर आहे. लग्नाचा विषय काढला की म्हणते, “थांबा हो. एकदा झालं नाही म्हणून सिद्ध करायला एवढी वर्षं गेली.” हसून म्हणते. मला ते हसू ऐकून राग येतो, तिच्यावर नाही, त्या गेलेल्या वर्षांवर. त्यातली बरीचशी एका माणसाच्या मानेच्या दुखण्यात गेली. त्या माणसानं कुणाला मारलं नाही, कुणाला धमकावलं नाही. त्यानं लिफ्टमध्ये अवघडल्यासारखं होऊ नये म्हणून एक वाक्य बोलायचं टाळलं.

आणि म्हणून मी हे पत्रकात न छापता इथे लिहिलं. गेटवर पत्रक घेणारे बापू असतात. काचेच्या कपाटात दिवाळी अंक लावणारे तुम्ही असता.

तेव्हा आता तुमच्याशीच बोलते. शेजाऱ्यानं, साडूनं, ऑफिसातल्या मित्रानं ‘चला जरा, एक सही पाहिजे’ म्हटलं आणि त्या लग्नात तुम्ही अक्षता टाकलेल्या नसतील, तर जाऊ नका. तोंडावर नाही म्हणा. आणि अशी सही तुम्ही आधीच करून बसला असाल, तर हा अंक खाली ठेवा, फोन उचला आणि त्या मुलीला आज, आत्ता सांगा: मी लग्न पाहिलेलं नाही, आणि बोलावशील तिथे येऊन हे सांगेन.